वीस ग्रॅमचा कुंभकर्ण

झोपेच्या बाबतीत आपली पुराणे पक्षपाती आहेत. विष्णू शेषावर पहुडला की ती योगनिद्रा, मुचकुंद युगेच्या युगे झोपला तर तो देवांचा वर, आणि कुंभकर्ण सहा महिने झोपला की मात्र थट्टा. ढोल वाजवले, शंख फुंकले, अंगावरून हत्ती चालवले तेव्हा कुठे तो उठला, ही गोष्ट आपण पिढ्यान्‌पिढ्या मुलांना हसत हसत सांगत आलो. इतका झोपणारा हा राक्षस जागेपणी काय काय करत असेल आणि त्या झोपेमागे काही हिशेब असेल का, असा प्रश्न कुणाला पडला नाही.

इंग्लंडच्या दक्षिण भागातल्या आणि वेल्समधल्या रानांत एक कुंभकर्ण राहतो. तोही वर्षातले सहा महिने झोपतो. फरक इतकाच, की त्याचे वजन वीस ग्रॅमच्या आसपास असते. आपल्या अंगठ्याएवढे शरीर, जवळपास तेवढीच झुपकेदार शेपटी, पिकल्या जर्दाळूच्या रंगाची मऊ लव आणि चेहऱ्याच्या मानाने फारच मोठे असे काळेभोर डोळे. त्याला हेझल डॉरमाउस म्हणतात. ‘डॉर’ या अक्षरांचा संबंध झोपणे या अर्थाच्या फ्रेंच क्रियापदाशी जोडला जातो. लुइस कॅरॉलच्या ‘ॲलिस’ने १८६५ साली त्याला जगभर पोचवले. तो चहापानाचा प्रसंग वाचकांना आठवत असेल. टेबलापाशी टोपीवाला आणि ससा यांच्यामध्ये एक प्राणी गाढ झोपलेला आहे, आणि ते दोघे त्याच्यावर कोपरे टेकून गप्पा मारताहेत. शेवटी तर ते त्याला किटलीत कोंबू पाहतात. आपल्याला हा निव्वळ विनोद वाटतो. त्या काळच्या इंग्रज मुलांना त्यात ओळखीचे काहीतरी दिसत असणार, कारण डॉरमाउस पाळणे हा तेव्हाच्या मुलांचा नेहमीचा छंद होता. रानात लाकूडतोड करणाऱ्यांना हिवाळ्यात पाचोळ्याखाली हे झोपलेले गोळे सापडत आणि मुले ते घरी आणत.

आज इंग्लंडमधल्या बहुतेक मुलांनी, आणि त्यांच्या आजीआजोबांनीही, जिवंत डॉरमाउस पाहिलेला नाही. एके काळी मुलांच्या खिशात मावणारा हा प्राणी दीडशे वर्षांत इतका दुर्मीळ का झाला, या प्रश्नाचे उत्तर वाटते तितके सोपे नाही. जंगले तोडली म्हणून, असे आपण चटकन म्हणून टाकतो. ते खरेच आहे, पण अर्धे. उरलेले अर्धे उत्तर निसर्गाविषयीच्या आपल्या एका लाडक्या समजुतीला धक्का देणारे आहे. त्यासाठी आधी या प्राण्याचा संसार समजून घ्यायला हवा.

नावात ‘माउस’ असला तरी तो घरातल्या उंदराचा जवळचा नातलग नाही. डॉरमाउसांचे स्वतंत्र कुळ आहे आणि ते फार जुने आहे. या कुळाचे सुमारे पाच कोटी वर्षांपूर्वीचे जीवाश्म युरोपात सापडले आहेत. रोमन लोक या कुळातल्या एका थोराड भाऊबंदाला मातीच्या रांजणात कोंडून, अक्रोड-चेस्टनट चारून लठ्ठ करीत आणि मेजवानीत वाढीत. त्या खाद्य डॉरमाउसाचे काही नमुने वॉल्टर रॉथ्सचाइल्ड यांच्यामुळे १९०२ साली इंग्लंडमधल्या ट्रिंग येथे आले, तिथून निसटले आणि आजही त्या परिसरातल्या घरांच्या माळ्यांवर धुमाकूळ घालतात. आपला हेझल डॉरमाउस त्यातला नव्हे. तो ब्रिटनचा मूळचा रहिवासी, भिडस्त आणि कुणाच्या घरात न शिरणारा.

मे महिन्यात जागा झाला की ऑक्टोबरपर्यंत तो जमिनीला जवळजवळ पाय लावत नाही. सारा व्यवहार फांद्यांवरून, आणि तोही रात्री. त्याचे मागचे पाय घोट्यात वळतात, त्यामुळे बारीक डहाळीला खालून लटकूनही त्याला आरामात फुले खाता येतात. लांब मिशांनी तो अंधारात पुढची फांदी चाचपतो आणि शेपटीने तोल सांभाळतो. शत्रूने शेपटी धरलीच, तर तिच्यावरचे कातडे मोज्यासारखे निघून येते आणि डॉरमाउस निसटतो. ते कातडे पुन्हा येत नाही, म्हणजे ही युक्ती आयुष्यात एकदाच वापरायची. त्याचे रात्रीचे फिरणे घरट्यापासून साधारण सत्तर मीटरच्या आत असते. पण हे सत्तर मीटर नकाशावरचे. फांदीवरून फांदीवर, वर-खाली, वळसे घेत जाणाऱ्याला तेच अंतर कितीतरी लांब पडते. मध्ये फांद्यांची साखळी तुटली तर जमिनीवर उतरून पलीकडे पळत जाणे त्याच्या स्वभावात बसत नाही. क्वचित तो तेही करतो, पण नाइलाजानेच. आपल्या दृष्टीने जी साधी पायवाट, ती त्याच्या दृष्टीने नदी असते.

त्याच्या संसारातली दुसरी अडचण पोटाची आहे. बहुतेक कुरतडणाऱ्या प्राण्यांच्या आतड्याला एक पिशवी असते. तिच्यात पाने, साली असा चोथा आंबवून पचवता येतो. डॉरमाउसाला ही पिशवीच नाही. त्यामुळे चहूकडे हिरवे रान असूनही पिकलेल्या पानांचा त्याला उपयोग नाही. त्याला हवे ते सारे सकस आणि पचायला हलके, म्हणजे फुले, परागकण, मध, मऊ किडे, पिकलेली फळे, कवचफळांचे गर. आणि या प्रत्येक गोष्टीचा हंगाम दोन-चार आठवड्यांचा.

म्हणून त्याचे वर्ष एखाद्या फिरत्या आठवडे बाजारासारखे चालते. वसंतात हॉथॉर्नच्या काटेरी झुडपांना पांढरी फुले येतात, तेव्हा तिथे. मग ओकचे तुरे. मग हनीसकलची वेल फुलते. तिची फुले खायला आणि तिच्या सालीच्या पट्ट्या घरटे विणायला. ऐन उन्हाळ्यात फुले ओसरतात आणि फळे अजून कच्ची असतात. हे दिवस त्याच्या ओढगस्तीचे. तेव्हा मावा आणि सुरवंट यांवर भागवायचे. त्यानंतर ब्रँबलच्या काटेरी जाळ्यांत काळी फळे पिकतात आणि शरदात अखेर हेझलची कवचफळे येतात. चॉकलेटात आपल्या दाताखाली येणारे हेझलनट ते हेच. यातला एक बाजार जरी भरला नाही, तरी पुढचा भरेपर्यंत त्याने काय खावे? साठा करण्याची त्याला सवय नाही आणि लांब जाता येत नाही. म्हणजे ही सारी झाडे, झुडपे आणि वेली त्या सत्तर मीटरच्या आतच हव्यात, एकमेकांना फांद्या लागतील अशा हव्यात, आणि वेगवेगळ्या वेळी फुलणाऱ्या हव्यात. याच कारणाने उत्तम रानातही हेक्टरला जेमतेम दहा डॉरमाउस असतात. एरवी दोन-चार, फार तर पाच.

इतका विरळ, रात्री फिरणारा, झाडावर राहणारा प्राणी कुठे आहे आणि कुठे नाही, हे शोधायचे कसे? याचे उत्तर त्याच्या जेवणाच्या ताटातच सापडले. हेझलनटचे कवच टणक असते आणि ते फोडण्याची प्रत्येक प्राण्याची रीत वेगळी. खार ते सरळ दोन फाकांत फोडते. रानउंदीर भोक पाडतो, पण भोकाच्या काठावर त्याच्या दातांचे आडवे ओरखडे राहतात. बँक व्होल नावाचा एक प्राणी आहे. आयुष्याची तीसहून अधिक वर्षे बँकेत काढलेल्या माझ्यासारख्याला हे नाव वाचून आपलेपणा वाटावा, पण इथली बँक म्हणजे शेताचा बांध. तोही असेच आडवे ओरखडे ठेवतो. डॉरमाउस मात्र नट हातात फिरवत फिरवत कातारी काम करतो. भोक गोल आणि त्याचा आतला काठ नाण्याच्या कडेसारखा गुळगुळीत. सोबत कवचावर भोकाभोवती तिरक्या दातांच्या खुणा. भिंग घेऊन पाहिले की सही पटवल्यासारखी खात्री होते.

या खुणेच्या आधारे १९९३ साली ब्रिटनमध्ये ‘ग्रेट नट हंट’ ही मोहीम निघाली. हजारो सामान्य माणसे, त्यात शाळकरी मुले आणि निवृत्त मंडळीही, रानारानांत गुडघे टेकून रिकामी कवचे गोळा करू लागली. संशयित कवचे तज्ज्ञांकडे गेली, त्यांनी ती तपासली आणि डॉरमाउसाचा नकाशा तयार झाला. प्रत्यक्ष प्राणी न पाहता, केवळ त्याच्या उष्ट्यावरून. पुढे ही मोहीम पुन्हाही राबवण्यात आली. नकाशाने जे सांगितले ते मात्र आनंदाचे नव्हते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून आजवर इंग्लंडमधल्या वीस परगण्यांतून डॉरमाउस नाहीसा झाला आहे.

आता त्याच्या झोपेकडे वळू. ही झोप आळसाची नाही, हे एव्हाना लक्षात आले असेल. ज्याला पाने पचत नाहीत, त्याने फुले-फळे नसलेल्या हिवाळ्यात जागे राहून खायचे तरी काय? खार जमिनीत फळे पुरून ठेवते. तिची ही सुरक्षित ठेव. डॉरमाउस बाहेर कुठेच ठेव ठेवत नाही. जे काही जमवायचे ते अंगावर. उन्हाळ्यात सतरा ते वीस ग्रॅम वजनाचा हा प्राणी सप्टेंबर-ऑक्टोबरात हेझलनट आणि काळ्या फळांवर ताव मारून तीस ग्रॅमच्याही पुढे जातो. ही सारी चरबी. मग थंडी पडू लागली की पहिल्यांदाच तो झाडावरून उतरतो आणि जमिनीवर, पाचोळ्याखाली, शेवाळात किंवा एखाद्या जुन्या खुंटाच्या बुडाशी टेनिसच्या चेंडूहून लहान असे घट्ट विणलेले घरटे करून त्यात मुटकुळे करून पडतो. शेपटी तोंडावरून ओढून घेतलेली असते.

उबदार ढोलीऐवजी गार, ओलसर जमीन का? याचे उत्तर हिशेबी आहे. झोपेत त्याच्या शरीराचे तापमान भोवतालच्या तापमानापर्यंत खाली येते, हृदयाचे ठोके आणि श्वास अगदी मंदावतात. जितके थंड, तितका खर्च कमी. जमिनीवर तापमान फारसे वर-खाली होत नाही आणि ओलाव्यामुळे शरीरातले पाणी उडून जात नाही. आपल्याला जी गैरसोय वाटते, तीच त्याची सोय. खर्च होतो तो जागे होताना. थंडगार पडलेले शरीर पुन्हा तापवायला चरबी जाळावी लागते. म्हणून ज्या हिवाळ्यात मध्येच ऊबदार दिवस येतात, तो हिवाळा त्याला महागात पडतो. उन्हाने फसून जाग येते, बाहेर खायला काहीच नसते आणि शिल्लक मात्र घटलेली असते. कडाक्याची थंडी त्याला मारत नाही. बेभरवशाचा हिवाळा मारतो. शिवाय जमिनीवर झोपलेल्या या गोळ्याला कोल्हा, बिज्जूच्या जातीचा बॅजर आणि रानडुक्कर हे शोधून खातात. कुणाचा पाय पडला तरी संपले.

त्याची आणखी एक झोप आहे, ती उन्हाळ्यातली. मे-जूनमध्ये पाऊस-गारठा लागला आणि अन्न मिळेनासे झाले, की तो दिवसातले काही तास तशाच ग्लानीत जातो. चरबी वाचते, पण वेळ जातो. पिल्लांचा हंगाम पुढे ढकलला जातो आणि उशिरा जन्मलेल्या पिल्लांना हिवाळ्याआधी पुरेसे वजन धरता येत नाही. उंदीर म्हटले की भराभर वाढणारी संतती डोळ्यांसमोर येते. डॉरमाउसाचे तसे नाही. मादीला वर्षातून एकदा, साल चांगले असेल तर दोनदा पिल्ले होतात, साधारण चार-पाच. पिल्ले आईजवळ सहा-आठ आठवडे राहतात. या प्राण्याचे आयुष्य मात्र रानातही पाच वर्षांपर्यंत जाऊ शकते, एवढ्याशा आकाराच्या प्राण्याला ते बरेच म्हणायचे. थोडी मुले, दीर्घ आयुष्य, सावकाश गती असा हा संसार. स्थिर जगात तो नीट चालतो. एकामागून एक वाईट वर्षे आली, तर मात्र झालेली तूट भरून काढण्याची ताकद त्याच्यात नाही.

आता त्या उरलेल्या अर्ध्या उत्तराकडे येऊ. इतक्या अटी असलेला हा प्राणी हजारो वर्षे इंग्लंडच्या रानांत टिकला तो रानाला कुणी हात लावला नाही म्हणून नव्हे. हात लावला म्हणूनच तो टिकला. तिथे हेझलची झाडे बुंध्यापाशी कापून त्यांचे फुटवे घेण्याची जुनी पद्धत होती. एका वर्षी रानाचा एक तुकडा कापायचा, पुढच्या वर्षी दुसरा. पहिल्या तुकड्याची पाळी पुन्हा यायला सात ते वीस वर्षे लागत. त्या काठ्यांपासून मेंढ्यांच्या वाड्याची कुडे, वेलांचे मांडव, मातीच्या भिंतींचे विणकाम, सरपण, कोळसा सगळे होई. कापलेल्या तुकड्यात ऊन शिरे, झुडपे आणि वेली माजत, फुले-फळे येत. शेजारच्या तुकड्यात वाढीला लागलेले हेझल, त्याच्या शेजारी फळाला आलेले. एकाच रानात सगळ्या वयांची झाडी आणि डॉरमाउसाचे सगळे बाजार सत्तर मीटरच्या आत.

आपल्याकडे कोकणात भाताच्या राबासाठी झाडांचे टहाळ तोडतात. त्याचा हेतू वेगळा आणि रीतही वेगळी. पण झाड न मारता त्याच्याकडून पुन्हा पुन्हा घेण्याचे शहाणपण दोन्हीकडे एकच. इंग्लंडमधले हे शहाणपण निरुपयोगी ठरले. दगडी कोळसा आला, मग लोखंडी तार आली, प्लॅस्टिक आले. हेझलच्या काठ्यांना गिऱ्हाईक उरले नाही. कुऱ्हाडी थांबल्या आणि रान मोकळे सुटले. निसर्गप्रेमी माणसाला वाटेल, छान झाले, आता ते सुखाने वाढेल. तसे ते वाढलेही. मोठ्या झाडांची छत्री वर मिटली, खाली अंधार झाला. ब्रँबल गेले, हनीसकल फुलेना, सावलीतल्या हेझलला फळ धरेना. दुरून पाहणाऱ्याला घनदाट, हिरवेगार रान, आणि आत डॉरमाउसासाठी एकही बाजार नाही. जी रानेच तोडून तिथे सूचिपर्णी झाडांच्या ओळी लावल्या गेल्या, त्यांची गोष्ट वेगळीच.

शेतांच्या कडेची जिवंत कुंपणेही त्याच वाटेने गेली. ही कुंपणे म्हणजे हॉथॉर्न, हेझल, ब्रँबल यांच्या रुंद, गुंतलेल्या भिंती. एका रानातून दुसऱ्या रानात जायचे डॉरमाउसाचे हमरस्ते. दुसऱ्या महायुद्धानंतर यंत्राने शेती करायला मोठी वावरे हवी झाली आणि ब्रिटनमधली जवळजवळ निम्मी कुंपणे उखडली गेली. उरलेल्यांपैकी अनेक दरवर्षी यंत्राने इतकी काटेकोर छाटली जातात, की त्यांना फूल-फळ धरायला अवसरच मिळत नाही. कुंपण दिसते, पण त्याचा रस्ता झालेला नसतो. मग प्रत्येक रान हे एक बेट होते. एका बेटावरचे दहा-वीस डॉरमाउस दोन वाईट हिवाळ्यांत संपले, तर शेजारच्या बेटावरून नवे येऊ शकत नाहीत. असा हा प्राणी संपतो. कुणी मारत नाही, कुणाच्या डोळ्यांदेखत मरत नाही. एका वसंतात तो उठत नाही, एवढेच.

हे सारे कळले ते काही चिकाटीच्या माणसांमुळे. पॅट मॉरिस आणि पॉल ब्राइट या प्राणिशास्त्रज्ञांनी १९८० च्या दशकात या प्राण्याच्या गळ्यात इवले रेडिओ-पट्टे बांधून रात्र रात्र त्याचा माग काढला. त्यांच्यासारख्यांच्या कामातून लाकडी पेट्यांची युक्ती रूढ झाली. पक्ष्यांसाठी लावतात तशीच पेटी, पण तिचे भोक बाहेरच्या बाजूला नसून झाडाच्या खोडाकडे. खोडावरून चढत येणाऱ्या डॉरमाउसाला ते नेमके सोयीचे. या पेट्या आज देशभर शेकडो रानांत आहेत. परवाना असलेले स्वयंसेवक उन्हाळ्यात ठरावीक महिन्यांना त्या उघडतात, आत कोण आहे पाहतात, त्याला पिशवीत घालून तोलतात, नर की मादी, पिल्ले किती, सारे लिहितात आणि झाकण लावून पुढच्या पेटीकडे जातात. तीस-पस्तीस वर्षे हे चालले आहे. पगार नाही, बढती नाही. बहुतेक पेट्यांत डॉरमाउस नसतो. ‘नाही’ हेही लिहायचे असते.

याच काळात त्याला परत आणण्याचे कामही सुरू झाले. १९९३ साली केंब्रिजशायरमधल्या एका रानात पहिल्यांदा पिंजऱ्यात वाढवलेले डॉरमाउस सोडण्यात आले. सोडण्याआधी प्राणिसंग्रहालयातले पशुवैद्य त्यांना विलग ठेवून तपासतात. मग त्यांना झाडावर बांधलेल्या जाळीच्या पिंजऱ्यात काही दिवस ठेवतात, तिथेच खायला देतात आणि नंतर जाळीला एक लहान दार उघडतात. बाहेर पडणारा पाहिजे तेव्हा परत येऊ शकतो. आजवर हजाराहून अधिक डॉरमाउस पंचवीसच्या आसपास रानांत असे वसवले गेले. आइल ऑफ वाइट बेटावर रानाचे दोन तुकडे जोडायला २०१५ साली झाडांच्या उंचीवर जाळीचा पूल बांधला आणि डॉरमाउस त्यावरून जाऊ लागले. ही पुलाची कल्पना जपानी. तिथल्या डॉरमाउसासाठी असे पूल आधी बांधले गेले होते.

एवढे करून जमाखर्च काय सांगतो? २०१९ च्या अहवालानुसार ब्रिटनमधली डॉरमाउसांची संख्या २००० सालापासून निम्म्यावर आली होती. २०२३ च्या अहवालात ही घट सत्तर टक्क्यांवर गेली. जिथे सोडले तिथे काही ठिकाणी ते नांदले, काही ठिकाणी नाही. कायद्याचे संरक्षण आहे, लोकांचे प्रेम आहे, पैसाही येतो. आणि तरी आकडा उतरतोच आहे.

यावर दोन प्रकारची माणसे दोन प्रकारे बोलतील. पहिली म्हणतील, मग एवढे मोजून मिळवले काय? दुसरी म्हणतील, वीस ग्रॅमच्या एका प्राण्यावाचून जगाचे काय अडते? दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर त्याच्या जेवणाच्या यादीतच आहे. ज्या रानात डॉरमाउस नांदतो, तिथे सहा महिने लागोपाठ काही ना काही फुलते आणि पिकते, वेली आहेत, किडे आहेत, ऊन खाली पोचते आणि शेजारच्या रानाकडे जायला वाट आहे. म्हणजे तिथे फुलपाखरे, मधमाश्या, गाणारे पक्षी हे सारे असणारच. डॉरमाउस गेला म्हणजे ही साखळी कुठेतरी तुटली, असे समजावे. पहिल्या प्रश्नाचे उत्तर मी हिशेबाच्या सवयीने देतो. खतावणीने तोटा थांबत नाही हे खरे. पण खतावणी नसलेले दुकान बुडते तेव्हा ते केव्हापासून बुडत होते, हेही कुणाला सांगता येत नाही. त्या नोंदी होत्या म्हणूनच, सोडून दिलेले हिरवे रानही डॉरमाउसाला उपाशी ठेवते हे दाखवता आले. ऊबदार हिवाळा त्याला मारतो ही गोष्ट नुसत्या तर्काने कुणी मानली नसती. आज अनेक रानांत पुन्हा कुऱ्हाडी चालू लागल्या आहेत त्या याच नोंदींच्या भरवशावर. अहवालातला आकडा वर चढायला त्या किती पुरेशा पडतील, ते पुढच्या हिवाळ्यांवर अवलंबून आहे.

इंग्लंडच्या रानातली ही गोष्ट आपल्यालाही परकी नाही. आपल्या सह्याद्रीच्या दक्षिण टोकाला, केरळ, कर्नाटक आणि तमिळनाडूतल्या सदाहरित अरण्यांत एक काटेरी डॉरमाउस आहे. एडवर्ड ब्लाइथ यांनी १८५९ साली त्याचे शास्त्रीय वर्णन केले. पाठीवर लवेत मिसळलेले चपटे काटे आणि शेपटी बाटल्या धुण्याच्या ब्रशासारखी. मिरीच्या मळेवाल्यांनी त्याला ‘पेपर रॅट’ म्हणून शिव्या दिल्या. नाव डॉरमाउस असले तरी हा त्या युरोपीय कुळातला नाही. झाडावर जगायचे म्हटले की झुपकेदार शेपटी आणि पकड घेणारे पाय लागतात, म्हणून दोघे एकमेकांसारखे दिसू लागले. त्याचे खरे चुलत भाऊ चीन-व्हिएतनामच्या डोंगरांत आहेत. ते जवळजवळ आंधळे असून वटवाघळांसारखे आवाजाच्या प्रतिध्वनीवरून झाडांत वाट शोधतात, हे २०२१ साली ‘सायन्स’ या नियतकालिकातून जगापुढे आले. आपल्या काटेरी डॉरमाउसाची नोंद धोक्यात असलेल्या प्रजातींत आहे. दक्षिणेतल्या संशोधकांनी त्याच्यासाठी झाडांवर सापळे लावून अभ्यास केलेला आहे. दाट, एकमेकांना भिडलेली झाडी हीच त्याचीही गरज.

आणि त्याहून जवळचा एक आहे. लांब शेपटीचा, झाडावर राहणारा एक अगदी चिमुकला उंदीर. त्याची शेपटी शरीराहून बरीच लांब असते आणि ती तो फांदीला वळसा घालून आधाराला वापरतो. पहिल्या आणि शेवटच्या बोटाला नखी नसून आपल्यासारखे सपाट नख असते, त्यामुळे डहाळी मुठीत धरता येते. झाडाझुडपांत आणि बांबूच्या बेटांत गवताचे घरटे करून तो दिवसभर झोपतो. १८३२ साली त्याचे पहिले शास्त्रीय वर्णन झाले ते आपल्या दख्खनमधून गेलेल्या नमुन्यावरून. म्हणजे हा शास्त्राच्या दृष्टीनेही आपला गाववालाच. पण दर महिन्याला पेटी उघडून ‘आहे’ किंवा ‘नाही’ असे लिहिणारी शेकडो माणसे त्याच्या वाट्याला आलेली नाहीत. वाघाचे ठसे आपण मोजतो, पाणवठ्यावर मचाणावर बसून बिबटेही मोजतो. वीस ग्रॅमच्या खाली आपली मोजपट्टी उतरत नाही.

आपल्या घाटांतले रस्ते चौपदरी होत आहेत, शेताचे बांध सपाट होत आहेत, बांधावरची बोर-करवंदाची जाळी ‘साफसफाई’त जात आहेत. यात कुणाचा दुष्टावा नाही. डॉरमाउसाच्या बाबतीत इंग्रज शेतकऱ्याचाही नव्हता. अण्णामलैच्या डोंगरात वालपराईच्या पठारावर रस्त्याच्या दोन बाजूंची झाडे झुल्यांनी जोडली आहेत आणि सिंहपुच्छ माकडे त्यावरून ये-जा करतात. दोर आणि जाळी एवढाच त्याचा खर्च. पण दोर कुठे बांधायचा हे कळायला आधी कोण कुठून कुठे जाते, हे कुणीतरी बसून पाहावे लागते. ज्या गावात शाळा आहे, कॉलेज आहे आणि माझ्यासारखी निवृत्त माणसे सकाळी फिरायला जातात, तिथे हे पाहणे अशक्य नाही. इंग्लंडमधले नट वेचणारे काही वेगळ्या मातीचे नव्हते.

लंकेतल्या कुंभकर्णाला गरज पडली तेव्हा उठवले गेले आणि तो उठला तो लढायला. या वीस ग्रॅमच्या कुंभकर्णाला कुणी उठवायची गरज नाही. ऊन आले की तो आपणहून उठतो. उठल्यावर त्याला समोर एक फुललेली फांदी आणि तिच्यापलीकडे दुसरी सापडावी, एवढेच आपल्याकडून व्हायला हवे.